विहीर तुमची, वाट आमची

बहात्तर सालच्या दिवाळीत, पाडव्याच्या सकाळी, वस्तीवरच्या बायका पहिली घागर भरायला निघाल्या तेव्हा माझ्या आईच्या चुलत्यांच्या विहिरीची वाट तारेनं बंद केलेली होती. अन्याय त्यांच्यावर झाला, त्या सकाळी झाला आणि गोल्फ क्लबानं केला. हे आधीच सांगून टाकतो, कारण पुढं हसू येण्यासारखं पुष्कळ आहे, आणि हसता हसता माणसं मूळ मुद्दा विसरतात हा माझा पत्रकं वाटण्याचा अनुभव आहे. आता दुसरी गोष्ट. उभ्या नगर जिल्ह्यात गोल्फ हा खेळ खऱ्या अर्थानं समजलेला एकच माणूस आहे, तो म्हणजे हे आईचे चुलते, आणि त्यांनी उभ्या जन्मात एकच चेंडू मारलेला आहे.

आम्ही सगळे त्यांना आबा म्हणतो. त्यांची वस्ती क्लबाच्या कुंपणाला लागून आहे. नगरहून सायकल मारत निघालं की तासाभरात माळ लागतो, मग निलगिरीची रांग, रांगेमागं क्लबाची दगडी इमारत आणि तिच्यामागं अठरा खड्ड्यांचं मैदान. हे मैदान म्हणजे माझ्या आजोळची पूर्वीची रानं. आबा लहान असताना कुणा गोऱ्या साहेबाला तिथं दांडूनं चेंडू मारावासा वाटला आणि सरकारनं रानं घेतली. आबांचे वडील विहिरीवर मोटेचे बैल चालतात त्या धावेत जाऊन बसले ते उठेनात. भाकरी तिथंच, झोप तिथंच. शेवटी साहेबच कंटाळला. विहीर आणि तिच्याभोवतीचा, एका औताला सकाळभरात नांगरून होईल एवढा तुकडा सोडून त्यानं मैदान आखलं. त्यामुळं आजही सातव्या खड्ड्याकडं निघालेल्या खेळाडूला मधे एक शेत लागतं, शेतात विहीर लागते आणि विहिरीवर आबा लागतात. गोल्फमध्ये वाटेत मुद्दाम वाळूचे खड्डे आणि डबकी ठेवतात म्हणे. आबा त्यांत धरलेले नव्हते.

गोट्या खेळताना जमिनीत करतात त्या खड्ड्याला आपल्याकडं गल म्हणतात. त्यावरून आबांनी खेळाच्या नावाचा उगम शोधून काढला आहे. "गल हाय म्हनून गलफ. शेवटचा फ म्हंजी साहेबाच्या तोंडातली हवा." क्लबवाले खड्ड्यांना आकड्यांनी ओळखतात, आबा त्यांना रानाच्या नावांनी ओळखतात. पहिला चिंचेच्या रानात, दुसरा म्हसोबाच्या पट्टीत, पाचवा हुलग्याच्या उतारावर, तेरावा मावशीच्या तुकड्यात. मावशीचा म्हणजे आबांच्या मावशीला चोळीबांगडीसाठी तोडून दिलेला. अकरावा खड्डा आबांच्या बांधाला खेटून आहे, ती भांडणाची पट्टी. तिथल्या एका बांधावरून दोन सख्खे भाऊ मरेपर्यंत एकमेकांशी बोलले नाहीत. एकदा नगरचे एक नामांकित डॉक्टर तिथं चेंडू मारायला वाकले तर आबा औत थांबवून म्हणाले, "डाक्टर, सबुरीनं. भांडनाची पट्टी हाय ती. हितं घाई करनाऱ्याचं बरं झालेलं न्हाई." डॉक्टर हसले आणि चेंडू बोरीच्या जाळीत गेला. पुढच्या खेपेला डॉक्टर मारायच्या आधी बांधाशी येऊन हळूच विचारू लागले, "आबा, आज काय म्हणते पट्टी?" मग हे लोण पसरलं. विलायतेतून मागवलेल्या काठ्या खांद्याला लावून आलेली माणसं अकराव्याला आली की म्हाताऱ्याकडं बघायची.

चेंडू आबांच्या तुकड्यात पडला तर मात्र गाठ कायद्याशी. रानात पडलं ते रानाचं. आबा चेंडू उचलून माठात टाकायचे, आणि तो हवा असेल तर साहेबानं स्वतः यायचं, हाताखालच्या माणसाला पाठवायचं नाही. यायचं, लिंबाखाली बसायचं, गूळ खायचा, विहिरीचं पाणी प्यायचं आणि गाव सांगायचं. मुंबईचे एक कंपनीवाले आले होते. आबांनी विचारलं, "गाव कंचं?"

"मुंबई."

"त्ये ऱ्हायाचं झालं. गाव कंचं?"

साहेब थोडे घुटमळले. मग म्हणाले, आजोबा संगमनेरकडचे होते म्हणतात. "मंग असं बोला की," म्हणत आबांनी चेंडू धोतराला पुसून हातात दिला. शेवटी क्लबाला नियमच करावा लागला. तो आत भिंतीवर इंग्रजीत लावलेला आहे, मी स्वतः वाचलाय. वाटेतल्या शेतात चेंडू गेल्यास दुसरा घ्यावा, दंड नाही. शेतात औत चालू असल्यास ते पलीकडं जाईपर्यंत थांबावं. मी आबांना मराठीत सांगितलं तेव्हा त्यांनी ते माझ्याकडून दोनदा म्हणवून घेतलं आणि म्हणाले, "औतासाठी कलेक्टरची गाडी थांबत न्हाई. लई मोठा खेळ हाय ह्यो."

चेंडू माणसांच्या रोखानं चालला की गोल्फवाले सावध करायला "फोर" असं ओरडतात. आबांना ते कायम "पोर" असं ऐकू आलं. आरोळी आली की हातातलं काम टाकून ते आधी नात कुठं आहे ते बघायचे आणि उचलून घ्यायचे. नात लग्न होऊन नेवाशाला गेली तरी आबा आरोळीसरशी इकडंतिकडं बघायचेच. साहेबलोकांबद्दल वस्तीवर कुणी वाईट बोललं तर म्हणायचे, "कसं का असंना, पोरांची काळजी हाय त्यानला." मी त्यांना खरं काय ते कधी सांगितलं नाही. माझ्यासारख्या फटकळ माणसाचीही जीभ तिथं अडली.

तो एकमेव चेंडू त्यांनी मारला क्लबाच्या वर्धापनदिनाला. डॉक्टरांनीच आग्रह करून काठी हातात दिली. आबांनी धोतर खोचलं, काठी कुऱ्हाडीसारखी धरली, चेंडूला नमस्कार केला आणि असा टोला दिला की चेंडू सरळ उलट्या दिशेनं येऊन त्यांच्याच विहिरीत पडला. सगळे हसले. आबा काठी परत देत म्हणाले, "आपलं घरी गेलं."

अशा माणसाला त्रास द्यायला कारण लागतं, आणि कारण मिळालं ते मानाचं. राज्याचे अजिंक्यपदाचे सामने यंदा आपल्या क्लबाला मिळाले. रंगरंगोटी झाली, आणि फाटकाशी क्लबाचा इतिहास सांगणारा मोठा फलक लागला. आबांनी मला बोलावून घेतलं. "काय पुढारी, तू छापतोस त्यापरीस मोठी अक्षरं हायती. वाच बरं." मी वाचलं. गोऱ्या साहेबाचं नाव होतं, पहिल्या चषकाचं होतं, कुणी कुठलं झाड लावलं तेही होतं. आणि सुरुवातीलाच होतं की पूर्वी इथं केवळ पडीक माळ होता.

आबा काठी टेकत सरळ क्लबाच्या पायऱ्या चढले. सेक्रेटरी नगरचे वकील आहेत, गोड बोलणारे. ते बाहेर आले.

"पडीक म्हंजी कोन पडलं हुतं हितं?" आबांनी विचारलं.

"आबा, तो लिहिण्याचा एक प्रकार असतो."

"कसला परकार? माझा बाप हितं जोंधळ्यात शिरला तर दिसायचा न्हाई."

"तुम्हाला उद्देशून नाही हो लिहिलेलं."

"व्हय, त्येच तर. मला सोडूनच लिवलंय."

वकीलसाहेबांनी चहा मागवला. आबांनी घेतला नाही. घरी आलेल्याला पाणी पाजल्याशिवाय न सोडणारा माणूस दुसऱ्याच्या दारातून तसाच उठून आला. फलक तसाच राहिला.

पाऊस आधीच्या सालीही बेताचाच होता, यंदा तर गेलाच. आसपासच्या विहिरींचे तळ दिसले, आबांच्या विहिरीत मात्र पाणी होतं, आणि तीनचार वस्त्यांच्या बायका सातव्या खड्ड्याच्या कडेच्या पायवाटेनं तिथं यायच्या. खेळणारे थांबून त्यांना जाऊ द्यायचे. पण सामन्यांसाठी खड्ड्यांभोवतीची मऊ हिरवळ, जिला ते ग्रीन म्हणतात, ती हिरवी राहायला हवी, आणि घागरींची रांग पाहुण्यांना बरी दिसणार नाही असं कमिटीला वाटलं असावं. पाडव्याला तार आली. आबा, माझी मामी म्हणजे आबांची सून, आणि रिकाम्या घागरी घेतलेल्या बायका तिथं उभ्या असताना वकीलसाहेब आले.

"विहीर तुमचीच आहे आबा, कोण नाही म्हणतंय? वाट मात्र क्लबाची आहे."

"मंग हीर उचलून हितं आनून द्या," आबा म्हणाले.

मामीनं विचारलं, "वकीलसाहेब, फराळ झाला का?"

"झाला की."

"त्यावर पानी कुठलं पिलात?"

वकीलसाहेब हसले. ते नेहमी हसतात. त्या दिवसापासून बायका दुष्काळी कामावर खडी फोडून आल्या की टँकरची वाट बघत रस्त्यावर बसतात. टँकर येतो तेव्हा येतो.

आणि पुढचं ऐका. काही आठवडे गेल्यावर क्लबानं सरकारकडं अर्ज केला की मैदानात एक विहीर आहे, ती वापरात नाही, टंचाईच्या दिवसांत पाणी वाया जाऊ नये म्हणून ते उपसायला परवानगी मिळावी. मिळाली. विहिरीवर इंजिन बसलं. माणसाला आधी वाटेवरून हाकलायचं आणि मग तो येत नाही असं लिहून ठेवायचं. रानं पडीक झाली ती अशीच झाली, विहीर बेवारशी झाली तीही अशीच. जिल्ह्यात माणसं पाण्यासाठी मैल मैल चालताहेत आणि इथं गवत न्हाऊन निघतंय. तेही असं गवत, की कापल्यावर गुरांना घालत नाहीत, वाळवून पेटवून देतात. छावणीतल्या जनावरांसाठी तेवढं तरी द्या म्हणून आबांनी माळ्याला विचारलं होतं. माळी म्हणाला, वरून हुकूम नाही.

मी पत्रकं छापली. एसटी स्टँडवर वाटली, कोर्टाच्या फाटकाशी वाटली, सावेडीत घरोघर दिली. सावेडीत एका सज्जनांनी चष्मा लावून पूर्ण वाचलं आणि विचारलं, "गोल्फ म्हणजे तो घोड्यावरचा ना?" नाही म्हटलं. "मग कुणाला लागायची भीती नाही," म्हणून त्यांनी दार लावून घेतलं. स्टँडवरच्या शेंगदाणेवाल्यानं मात्र उरलेला गठ्ठा आनंदानं मागून घेतला. नगरमध्ये ज्यांनी माझं लिखाण हातात धरलं त्यांतल्या बहुतेकांनी ते दाणे संपेपर्यंत धरलं.

आबा आता रोज सकाळी तारेच्या बाहेर येऊन बसतात. भांडत नाहीत, शिव्या देत नाहीत. मध्यंतरी मी शेजारी बसलो होतो तर एक खेळाडू तारेजवळ आला आणि अगदी लाजत म्हणाला, "आबा, आज अकराव्याचं काय?" आबांनी मान वर करून वारं बघितलं आणि म्हणाले, "खालून सुटलंय. डाव्या अंगानं मारा." तो गेल्यावर माझा तोल सुटला. म्हटलं, "आबा, ज्यांनी तुमची वाट बंद केली त्यांना तुम्ही वाट दाखवताय?"

"तुला राग येतोय त्ये बरं हाय, तुझं वय हाय," आबा म्हणाले. "पन रानात आलेल्यानं इचारलं तर रान सांगाया लागतं. ठावं असून न सांगनं माझ्यानं हुयाचं न्हाई."

हे मला पटलेलं नाही, आजही नाही. पण परवा त्याहून वाईट झालं. आबा सहज रानांची नावं घेत होते, चिंचेपासून सुरुवात करून. बोटं मिटत मिटत मावशीच्या तुकड्यापर्यंत आले आणि थांबले. त्याच्या म्होरं काय, असं स्वतःशीच पुटपुटले. मला तेरापुढची नावं कधीच नीट पाठ नव्हती, मामीलाही नाहीत. इंजिनाचा आवाज चालू होता. आबांनी मिटलेली बोटं सोडली. मग म्हणाले, "चालल्याबिगर याद येत न्हाई, पोरा. पायाला ठावं हुतं त्ये." पुढची नावं आता त्या एका म्हाताऱ्याच्या पायांत आहेत, आणि ते पाय तारेबाहेर आहेत.

येत्या रविवारी सामने सुरू होत आहेत. हे वाचणाऱ्यांपैकी काहींच्या खिशात त्यांचे पास आहेत हे मला माहीत आहे. ते फाडा असं मी म्हणत नाही. फाडलेल्या पासानं कुणाची तहान भागत नाही. रविवारी सकाळी आबा तारेपाशी जाऊन वाट मागणार आहेत. मामी असेल, वस्तीवरच्या बायका असतील. एवढेच असले तर वकीलसाहेब पुन्हा येतील, पुन्हा हसतील आणि समजूत घालून त्यांना परत पाठवतील. म्हणून तुम्ही या. नगरहून या, सावेडीहून या, पास असला तरी या. घरातली घागर घ्या, नसेल तर कळशी घ्या, रिकाम्या हातानं येऊ नका. घोषणा द्यायच्या नाहीत, दगड उचलायचा नाही. आबांच्या मागं रांगेत उभे राहा, आणि ते चालू लागले की चालू लागा.