आक्काच्या तोंडचं वाक्य

गुंडू माने हा माणूस गेली पंचवीस वर्षं कोल्हापुरात उलटा चालत आला. म्हणजे तोंड पाहुण्यांकडे आणि पाठ रस्त्याकडे. महाद्वार रोडच्या गर्दीत, रिक्षावाल्यांच्या शिव्या खात, बांगड्यांच्या गाड्या चुकवत तो मागे मागे जायचा आणि बोलणं मात्र अखंड चालू. कशाला धडकलेला कुणी पाहिला नाही. त्याआधी तो पायताणाच्या दुकानात नोकरीला होता. गिऱ्हाइकाला चप्पल घालून दाखवता दाखवता हा त्याला देऊळ दाखवायला घेऊन जायचा तो दोन दोन तास बेपत्ता. शेवटी मालक म्हणाला, एक काय ते ठरव. याने ठरवलं.

सकाळी सातला अंबाबाईच्या देवळापासून सुरुवात. मग भवानी मंडप, बिनखांबी गणपती, पापाची तिकटी, गंगावेश, शुक्रवार गेट आणि शेवटी पंचगंगेचा घाट. तीन तासांची पायपीट, पण कुणी कंटाळलं नाही, कारण गुंडूमामाच्या तोंडात 'बहुतेक' हा शब्दच नव्हता. किरणोत्सवाला ऊन कुठून आत शिरतं इथपासून अमक्या दगडावरची खूण कुणी केली इथपर्यंत, विचारायचा अवकाश की उत्तर हजर. ठाऊक नसेल तिथेही हजर. गाइड एकदा 'माहीत न्हाय' म्हणाला, की पावणं घड्याळ बघायला लागत्यात, हे त्याचं शास्त्र होतं. धंद्यात ते खपून गेलं. वाईट एवढंच झालं, की घरी आल्यावरही त्याला ते उतरवून ठेवता येत नव्हतं.

घर शुक्रवार पेठेत, घाटाच्या अलीकडच्या एका बोळात. दोन खोल्या आणि वर फळ्यांचा माळा. बायको लग्नानंतर चार वर्षांतच वारलेली, मूलबाळ नाही. मोठी बहीण चिमणाबाई, जिला सगळी गल्ली आक्का म्हणायची, ती नवरा गेल्यावर सात वर्षांच्या स्वप्नालीला घेऊन याच घरात आली आणि इथलीच झाली. स्वप्नालीला शाळेत घातलं मामाने, सायकल शिकवली मामाने, पेठ वडगावच्या राजवीरच्या घरात दिली तीही मामानेच. राजवीरचा दुधाचा टेम्पो. पोरगी सुखात पडली.

२००५ साली महापूर आला तेव्हा पाणी या घरात गुडघाभर चढलं होतं. उतरल्यावर गुंडूमामाने दाराशेजारच्या भिंतीवर तांबड्या ऑइलपेंटची रेघ ओढली आणि शेजारी साल लिहिलं. तेव्हापासून दर पावसाळ्यात नदी पात्राबाहेर पडली, की गल्ली त्याच्या दारात येऊन विचारायची, येतंय का पाणी? हा रेघेकडे बोट दाखवायचा. एवढं कधी व्हायचं नाही, ते एकदाच झालं, जावा घरी. चौदा वर्षं त्याचं खरं ठरलं. चौदा वर्षं खरं ठरल्यावर माणसाला आपण अंदाज बांधत होतो हे आठवतही नाही.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये, सोमवारी दुपारी, पाणी बोळाच्या तोंडाशी आलं. बाहेर माणसं ओरडून घरं सोडायला सांगत होती. वडगावातून स्वप्नालीचे फोनवर फोन. तिला सहावा महिना होता. आक्का जायला तयार होती. तयार कसली, ती सकाळपासून घाबरून अर्धी झाली होती. दोन लुगडी, रक्तदाबाच्या गोळ्या आणि होणाऱ्या नातवंडासाठी शिवायला घेतलेलं दुपटं, असं सगळं पिशवीत भरून, पिशवी मांडीवर घेऊन ती उंबऱ्यावर बसली होती. गुंडूमामाने तिला रेघ दाखवली. याच्या वर पाणी येत नाही म्हणून सांगितलं. तिच्या मांडीवरची पिशवी उचलून त्याने फळीवर ठेवली, तिला कॉटवर बसवलं आणि स्वतः निघाला. शाहूपुरीतल्या एका हॉटेलात त्याचे नागपूरचे पाहुणे अडकले होते. हायवे कधी सुरू होणार, हे त्यांना ठामपणे सांगणारं कुणीतरी हवं होतं.

संध्याकाळी परत आला तर शुक्रवार गेटजवळ छातीभर पाणी. पोलिसांनी पुढे सोडलं नाही. रडला, भांडला, उपयोग झाला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी बोट बोळात शिरली. आक्का माळ्याच्या शिडीपाशी पाण्यात सापडली. तिचे गुडघे गेलेले होते, शिडी तिला कधीच चढता येत नव्हती. भिंतीवरची तांबडी रेघ तेव्हा पाण्याखाली पुरुषभर खोल होती.

रस्ते बंद, हायवे बंद. वडगाव काय लांब आहे, पण स्वप्नालीला येता आलं नाही आणि आईचं तोंड दिसलं नाही. पाचव्या दिवशी ती आली. चिखलाने भरलेल्या त्या दारात उभं राहून तिने एकच विचारलं, आई का आली नाही? आणि गुंडूमामाच्या तोंडातून नेहमीसारखं तयार उत्तर बाहेर पडलं.

"लई सांगितलं गं. हलली न्हाय."

बस्स, एवढंच. बोलायला दोन सेकंद लागले असतील. गल्लीने माना हलवल्या, कारण आक्का भाजीवालीशी तासभर घासाघीस करणारी बाई म्हणून प्रसिद्धच होती. तेव्हा हट्टापायी गेली, असं ठरलं. स्वप्नालीनेही तेच धरलं. पोटातल्या लेकराचा तरी विचार करायचा होतास, असं ती तेराव्याला आईच्या फोटोला सगळ्यांसमोर बोलली आणि न जेवता उठली. आपल्या घरात तिने आईचा फोटो लावला नाही. पुढे मुलगी झाली, तिला आजीबद्दल काही सांगितलं नाही. वर्षश्राद्ध घातलं ते गुंडूमामानेच. उलट मामावर मात्र तिची माया दुप्पट झाली. एकट्याने किती सोसलं म्हणून दर सोमवारी राजवीरच्या टेम्पोतून डबा यायचा. भाकरी, खरडा, कधी मटणाचा रस्सा.

खरं सांगितलं तर पोरीला तिची आई परत मिळेल आणि आपल्याला पोरगी राहणार नाही, हे त्याला लख्ख कळत होतं. जगात त्याचं म्हणावं असं तेवढं एकच माणूस उरलं होतं. कळूनही तो गप्प बसला. याला भित्रेपणा म्हणतात. मी दुसरा शब्द वापरणार नाही.

गप्प तरी बसायचं होतं. तेही झालं नाही. सम्राट नावाच्या एका तरुणाने शहर फिरवायची कंपनी काढली. फोनवरून तिकीट, रविवारची फेरी, आणि फिरवायला अर्थात गुंडूमामा. एकदा घाटाकडे जाताना वाट तुंबली म्हणून तो माणसांना आपल्या बोळातून घेऊन गेला. भिंतीवर खाली गुडघ्याजवळ एक रेघ, आणि वर, हात उंचावूनही पोचणार नाही अशी दुसरी, ही गल्लीतल्या पोरांनी ओढलेली. पुण्याच्या एका बाईने विचारलं, हे काय? त्याने सांगितलं. सांगता सांगता हट्टी आक्का त्यात आली. बाईंनी डोळे पुसले. सम्राटने ते पाहिलं आणि पुढच्या रविवारपासून फेरीचा शेवट त्या भिंतीपाशी व्हायला लागला.

तीच गोष्ट शंभर वेळा सांगितली, की तिला चकाकी येतेच. पहिल्या हिवाळ्यात त्यात तीन वेळा विनवणारा नावाडी आला. पुढे आक्काने त्याला चहा देऊन परत पाठवलं. आणि एका रविवारी, कुठून आलं कुणास ठाऊक, तिच्या तोंडी एक वाक्य आलं. "नदी माझी आय हाय. आय कुणाला बुडवती व्हय?"  खरी कोल्हापुरी बाई, माणसं म्हणाली. सम्राटने ते बोलणं मोबाइलवर घेतलं, सगळीकडे पसरवलं, कंपनीच्या जाहिरातीवर ते वाक्य आक्काच्या नावानिशी छापलं. गुंडूमामाला त्या रात्री झोप लागली नाही, पण पुढच्या रविवारी त्याने ते वाक्य पुन्हा म्हटलं. लोक त्याचीच वाट बघत असायचे.

गेल्या जानेवारीत एका रविवारी देवळापाशी चौदा माणसं जमली होती, त्यांत मागे स्वप्नाली उभी होती. तिकीट काढून आली होती. मामाला केवढा आनंद झाला. पोरीने आपलं काम कधी बघितलं नव्हतं. त्या दिवशी तो असा रंगला, की देवळात दुसऱ्या गाइडची माणसं येऊन ऐकत उभी राहिली. पापाची तिकटी आली, गंगावेश आली, ती मात्र नुसती त्याच्याकडे बघत होती.  बोळ चुकवून सरळ घाटावर जाऊ, असं त्याने सम्राटला हळूच सुचवलं. सम्राट म्हणाला, अर्धी माणसं तेवढ्यासाठीच आल्यात.

भिंतीपाशी त्याने गोष्ट सांगितली. वाक्य आलं तेव्हा त्याचा आवाज खाली गेला होता.

"मामा," मागून स्वप्नाली म्हणाली, "त्या जाहिरातीवर वाचलं. ह्ये आई कवा म्हणाली?"

चौदा माणसं वळून बघायला लागली.

"आई नदीला भ्यायची. घाटावर दिवं लावायला मला तुमच्यासंगं धाडायची, आपण कवा आली न्हाय. न्हाणीत बादली सांडली तर पाय वर घ्यायची. ती असलं बोलंल व्हय?"

 कुठलीही थाप चालली असती. पावण्यांनी मानलीही असती. 

"तसं म्हणाली न्हाय," तो म्हणाला.

"मग काय म्हणाली?"

"'गुंड्या, जाऊ या की रं,' म्हणाली. दोनदा म्हणाली. पिशवी भरून बसलेली. मी रेघ दावली. पिशवी काढून घेतली तिच्याजवळची."

पिशवीत काय होतं, तिने विचारलं. त्याने लुगडी सांगितली, गोळ्या सांगितल्या. दुपटं सांगताना त्याला सांगता येईना. तो ते पूर्ण सांगेपर्यंत तिने वाट पाहिली. कुणीतरी मोबाइलवर चित्रण करत होतं, त्याने फोन खिशात घातला.

"साडेपाच वर्षं मी तिला शिव्या घातल्या," स्वप्नाली म्हणाली. "आणि तुमी दर रविवारी माणसं जमवून तिला हट्टी ठरवत आलासा."

आवाज चढला नव्हता. ती वळली आणि गेटच्या दिशेने चालू लागली. मामाने हाक मारली नाही. कुठल्या तोंडाने मारणार?

सोमवारी डबा आला नाही. त्यानंतर कधीच आला नाही. सम्राटने जाहिरात काढून टाकली आणि बोळाकडे आता जायचं नाही म्हणून बजावलं. पण गुंडूमामा ऐकेना. तो माणसांना नेऊन त्याच भिंतीपाशी उभा करायचा आणि झालं तसं सांगायचा. मी सांगितलं म्हणून ती थांबली, मला काही माहीत नव्हतं, असं म्हणून संपवायचा. सुट्टीवर आलेल्या माणसांना हे नको होतं. ती चुळबुळ करायची, पोरांना पुढे काढायची. तक्रारी गेल्या. मार्चमध्ये सम्राटने त्याच्या जागी दुसरा माणूस घेतला. गुंडूमामा घरी बसला.

यंदाही नदी पात्राबाहेर आली. पाणी अजून बोळापासून लांब होतं, पण आता गल्ली कुणाला विचारायला थांबत नाही. बोजा बांधून माणसं दुपारपर्यंत निघून गेली. जाताना दोघांनी त्याला चला म्हटलं. तो बरं म्हणाला आणि उंबऱ्यावरच बसून राहिला. त्याने काही भरलं नव्हतं. काय येईल ते येऊ दे, असं त्याच्या मनात होतं की नव्हतं, ते त्यालाच विचारायला हवं. मला वाटतं, होतं.

चारच्या सुमाराला दुधाचा टेम्पो बोळाच्या तोंडाशी थांबला. राजवीर आत आला, इकडेतिकडे पाहिलं, दांडीवरची दोन धोतरं घेऊन पिशवीत कोंबली. म्हणाला, "चला. न्हाय म्हणाला तर उचलून आण, असं तिनं सांगितलंय."

वडगावात स्वप्नाली दारात उभी होती. तिने पायांवर घ्यायला पाणी दिलं. सहा वर्षांची तिची पोरगी पडद्याआडून या म्हाताऱ्याकडे बघत होती. काहीतरी बोलायला हवं म्हणून तो म्हणाला, अजून पाणी तसं लांबच आहे, एवढ्यात काही— आणि मध्येच थांबला.

स्वप्नालीने त्याच्यापुढे ताट ठेवलं.

"आईच्या टायमाला मी नुसती फोन करत बसले," ती म्हणाली. "ह्या बारीला माणूस धाडला."

एवढं बोलून ती आत गेली. तिच्या बोलण्यात मामा हा शब्द नव्हता. अकराव्या दिवशी पाणी उतरलं आणि राजवीरने त्याला परत आणून सोडलं, तोवरही तो शब्द तिच्या तोंडी आला नाही.