मुदतीची सही

मुरूम गावचे एक म्हातारे अडते, आप्पा, माझे अशील आहेत. वकील मी, पण मुदतीचा कायदा तोंडपाठ त्यांना. त्यांच्या मित्राने स्वीकारलेली हुंडी वटली नाही, तेव्हापासून एरवी दोघांत अबोला. दावा तीन वर्षांत लावावा लागतो. त्याआधी मित्राने देणं लेखी कबूल केलं की मुदत नव्याने सुरू होते. म्हणून दर खेपेला मित्र माझ्या ऑफिसात येऊन सही करतो. त्या दिवशी आप्पा तासभर आधी येतात, शेजारची खुर्ची रुमालाने पुसतात, दोन चहा सांगतात. सही झाल्यावर दोघं संध्याकाळपर्यंत बोलत बसतात.

"आप्पा, दावा लावून टाका की," मी म्हणायचो.

"लावू. घाई काय हाय?"

यंदा मुदतीला चार दिवस उरले असताना मित्राची सून सही केलेला कागद घेऊन आली. "मामंजींचे गुडघे लई दुखतेत."

आप्पांनी पुसलेल्या खुर्चीकडे बघितलं आणि कागद घडी घालून तिला परत दिला.

"ह्यो चालत न्हाय, बाई. सही हितं बसूनच करावी लागती."

तिने माझ्याकडे बघितलं. कायद्यात असं कुठंच लिहिलेलं नाही. मी मान डोलावली.