संपादक म्हणतात

चाकणच्या पेठेतल्या आमच्या शिंप्याने आम्हा सगळ्यांना फसवलं, आणि पुण्याच्या एका मोठ्या दैनिकाने त्या शिंप्याला फसवलं. पहिल्या गोष्टीवरून मी त्याच्याशी बोलणं टाकलं होतं. ते भांडण मिटलं. दुसरं अजून मिटलेलं नाही.

सकाळच्या एस.टी.ने पेपर आला की शिंपी शिवणयंत्राच्या चाकावर तळहात ठेवून ते थांबवायचा. तोंडातला दोरा काढायचा, सदऱ्याच्या टोकाने चष्मा पुसायचा आणि म्हणायचा, "संपादक म्हणतात..." एवढं कानावर आलं की पेठ गप्प. हमाल पोत्यांवर टेकायचे, कुरुळी-निघोज्याचे शेतकरी बैल सोडून यायचे, आणि मी कांद्याचा सौदा अर्धा टाकून त्याच्या पायरीवर बसायचो. मला तेव्हा अक्षरं यायची ती पोत्यावरच्या खुणांपुरती. तुम्हीही असा एखादा वाचणारा पाहिला असेल. तो उठून गेला की गावाला दिवस सुरू झाल्यासारखं वाटत नाही.

पेपर जुना, नावाजलेला. इंग्रजांच्या राज्यात त्याने सरकारशी झुंज घेतली होती, तुरुंग पाहिला होता. हे शिंपीच सांगायचा, आणि ते खरं होतं. मुंबई महाराष्ट्राला द्यायची की नाही यावर दिल्लीत खल चालला होता, तेव्हाचे हे दिवस. अग्रलेख ऐकताना आमच्या मुठी वळायच्या. एक वाक्य तर सगळ्या पेठेला पाठ झालं होतं: "मुंबई हा आमचा हात आहे. हात कापून टाका, मग सदरा मापात बसेल, असं सांगणारा शिंपी आम्हाला नको."

एकदा पुण्याच्या बाजारात एक आडत्या मला म्हणाला, तो पेपर कधीच सरकारच्या ओसरीवर जाऊन बसला, तिथे रोज 'संयम' नावाची खिचडी शिजते. मी त्याला विचारलं, तू पेपर वाचतोस की त्यात मिरची बांधतोस. गोष्ट गचांडीपर्यंत गेली. तो हसत राहिला, याचाच मला जास्त राग.

त्या रागातच ठरवलं: गावात वाचनालय काढायचं, जागा माझी, आणि उद्घाटनाला खुद्द संपादक. पुण्याला जाऊन त्यांच्या दारात ठाण मांडलं, होकार घेऊनच उठलो. शिंप्याचा चेहरा मात्र उतरला. कधी म्हणाला, संपादकांना फार काम असतं. कधी म्हणाला, त्यांना गाडी लागते. मला वाटलं, जळतोय.

"मास्तर, आता तुमचं वाचन कोण ऐकणार, म्हणून पोटात दुखतंय का?"

"नाही शेठ. तुमचं नाक मोठं आहे, त्याची काळजी वाटते."

संपादक आले. काळी टोपी, शांत चेहरा. मी हार घातला, आणि निघोज्याचे म्हातारे पाटील उभे राहिले. "सायब, तुमचं ते हाताचं वाक्य आमी काळजावर लिवून ठिवलंय." त्यांनी ते म्हणून दाखवलं. मागून सगळ्या मांडवाने म्हटलं.

संपादक माझ्याकडे झुकले आणि हळूच विचारलं, "हे मी कधी लिहिलं?" मग त्यांनी मांडवावर नजर फिरवली आणि मोठ्याने विचारलं, "तुमच्यात शिंपी कोण आहे?"

शेवटच्या रांगेत, गळ्यात टेप असलेला माणूस खांबाआड सरकला. पाटील म्हणाले, "सायबास्नी सदरा शिवायचा आसंल."

मी पोत्यात कोपरापर्यंत हात घालून तळचा कांदा वर काढणारा माणूस. या एका पोत्यात तेवढा हात घातला नव्हता. संपादकांनी खरं सांगितलं असतं, तर माझं नाक त्याच मांडवात गळून पडलं असतं. पण ते एवढंच म्हणाले, "वाक्य चांगलं आहे. त्याला शोभेल असं वागण्याचा प्रयत्न करीन." टाळ्या पडल्या.

मांडव उठताच मी शिंप्याला धरलं. इतके दिवस काय वाचत होता, विचारलं.

"छापलं होतं तेच वाचलं असतं, तर शेठ, तुम्ही त्या पेपराची होळी केली असती. एवढा जुना पेपर. जिवावर आलं." मग माझा हात बाजूला करत म्हणाला, "आज ना उद्या ते हेच म्हणणार आहेत. मी जरा आधी वाचलं, एवढंच."

त्याच्याशी बोलणं बंद केलं आणि चिडून वाचायला शिकलो. पुन्हा कोणाच्या तोंडाने पेपर ऐकायचा नाही, असा पण केला.

पुढे एका सकाळी त्याने चाक थांबवलं, आणि पेपर माझ्यापुढे धरला. "आज तुम्ही वाचा." मी पायरीवर बसून अक्षर जोडत वाचलं. अग्रलेखात तेच वाक्य होतं. मी ते दोनदा वाचलं. पेठेला काहीच वाटलं नाही, पाटील म्हणाले, "ह्ये तर मागंच छापलं व्हतं की."

शिंपी मात्र नाराज. सदऱ्याच्या जागी त्यांनी 'वस्त्र' घातलं होतं. "वस्त्राला बाह्या असतात का हो, शेठ?" दिवसभर तो हेच विचारत होता, आणि दिवसभर हसत होता.

आता तो नाही. यंत्र त्याच्या लेकीने नेलं, पायरी आहे.

आणि परवा त्या दैनिकाचा जाडजूड इतिहास निघाला. त्यात लिहिलंय, आमचं पत्र पहिल्या दिवसापासून मुंबईसह महाराष्ट्राच्या बाजूने ठाम उभं होतं. होतं, पण चाकणला, एका शिंप्याच्या पायरीवर. पुरावा म्हणून ते वाक्य मोठ्या टायपात दिलंय, खाली संपादकांचं नाव. कचेरीत जाऊन भांडलो, तर तिथला चिरंजीव मला पुरावा मागतो. अरे बाबा, निघोज्यापर्यंत कोणालाही विचार. तुझ्या पेपरात येण्याआधी ते आमच्या गुराख्यांना पाठ होतं.

त्या माणसाचं नाव मी इथे मुद्दाम लिहिलेलं नाही. ते त्यांनी छापायचं आहे, त्या वाक्याखाली. आणि वस्त्र काढून तिथे सदरा घालायचा आहे. कधी छापता, तेवढं सांगा. मी पायरीवर बसलोय.