वाक्यबाईंची बॅग

रोह्यात इंग्रजीची शिकवणी घेणाऱ्या आमच्या बाईंना खोटं वाक्य चालत नसे. व्याकरण चुकलं तर हसून दुरुस्त करत, पण न घडलेलं काही लिहिलं की फुली मारून वही परत. त्यांचं नावच वाक्यबाई पडलं होतं.

मी धाटावच्या एका कंपनीत लॅबमध्ये मदतनीस होते. इंग्रजी आलं तर वरची जागा मिळणार होती, म्हणून शिफ्ट सुटली की स्कूटी थेट बाईंच्या दारात. पहिल्याच आठवड्यात त्यांनी ‘पिक अप’ वाक्यात वापरायला दिलं. एवढासा शब्द आणि अर्थ पाच-सहा! मी शहाणपणा करून गाइडातलं वाक्य उतरवलं: मी विमानतळावर बॅग उचलली.

“तुमच्या गागोद्यात विमान कधी उतरलं गो?” बाई म्हणाल्या. “घरातलं आण. खरं आण.”

मग घरातलं नेत गेले. आईने कापणीला विळा उचलला. रुसलेल्या मामाने फोन उचलला नाही. तापाने झोपलेला भाऊ सावरला. बाई प्रत्येक वाक्यामागची हकीकत खोदून खोदून विचारत. अर्धा तास त्यातच जाई, आणि खरं सांगायचं तर मी त्यासाठीच जात असे.

कानावर पडून भाषा येणं, हाही ‘पिक अप’चा एक अर्थ; त्याचं वाक्य बाईंनी स्वतःचं दिलं. त्या इथल्याच, कोकणातल्या ज्यू. सगळं गणगोत इस्रायलला गेलेलं, लेकसुद्धा. “माझी लेक तिथल्या बाजारात हिब्रू शिकली,” त्या म्हणाल्या. मग फळा पुसत, “नातीला मराठी मात्र येत नाय.” त्या दिवशी शिकवणी लवकर सुटली.

मला वरची जागा मिळाली त्याच वर्षी बाई मोरीत पडल्या, आणि लेकीने तिकीटच धाडलं. जाऊ नका, असं म्हणायचं मी रोज ठरवत होते. पण एकट्या राहणाऱ्या बाईंना कोणत्या तोंडाने सांगणार?

पोचवायला मीच गेले. बॅगेत निम्मे पेणचे पोहे. नातीला खाऊ घालत मराठी शिकवणार होत्या. विमानतळाच्या दाराशी मी बॅग उचलून ट्रॉलीवर ठेवली. बाई बघत राहिल्या.

“आता लिही गो ते वाक्य,” त्या म्हणाल्या. “आता खरं हाय.”

मला ते खोटंच हवं होतं. वही अजून माझ्याकडे आहे. त्या पानावर बाईंची लाल फुली आहे, आणि तिच्याखालची ओळ मी कोरीच ठेवली आहे.