तक्रार अधिकारी

ग्राहकांसाठी केलेले कायदे या देशात कोणी जीव तोडून पाळले असतील, तर ते सेक्टर सहामधल्या आमच्या शेजारच्या काकूंनी. जवसाची चटणी त्या ऑनलाइन विकतात. त्यांनी मिरची परतायला घेतली की पार पलीकडच्या कॅम्प-एक वस्तीपर्यंत माणसं शिंकतात आणि गावातल्या पोलाद प्लांटच्या भट्टीला स्वतःची लाज वाटते. दुकान उघडताना कुणीतरी सांगितलं, लेबल चुकलं की दुकान बंद. तेव्हापासून शेजारी वाटीभर भाजी पाठवली तरी वर चिठ्ठी: वजन, बनवल्याची तारीख, शाकाहारी असल्याचा हिरवा ठिपका. संक्रांतीच्या हळदीकुंकवात त्यांनी बायकांना हिरव्या टिकल्या लावल्या, असं अख्खं सेक्टर सांगतं. मी स्वतः तिघींच्याच पाहिल्या.

त्यात आणखी एक नियम निघाला: प्रत्येक दुकानाला एक तक्रार अधिकारी हवा, त्याचं नाव आणि फोन नंबर दुकानाच्या ऑनलाइन पानावर हवा. काकूंनी तिथल्या तिथे काकांचं नाव टाकलं. "लग्न झाल्यापासून हे तक्रारीच करून राहिले ना! अनुभव पायजे की नाही?"

काका प्लांटमधून निवृत्त झालेले. कडक इस्त्रीचा शर्ट घालून फोनजवळ बसू लागले. पहिलाच फोन आला: चटणी खारट आहे. काका खुर्चीतून उठून उभेच राहिले. "एकदम सही बोल रहे हो भैया! मैं तो शादी के बाद से यही बोल रहा हूँ. घर में कोई सुनता नहीं!" दोघं चहा थंड होईपर्यंत मिठावर बोलले. मग त्या गिऱ्हाइकाने दुकानाच्या पानावर लिहिलं: माल खारट आहे, हे तक्रार अधिकाऱ्यांनाही मान्य.

अशा बऱ्याच कबुल्या जमल्यावर, ज्या वेबसाइटवर दुकान होतं तिथून निरोप आला: अधिकारी बदला, नाहीतर दुकान बंद करू. मी म्हटलं, "काकू, माझं नाव टाका."

"कावून बदलू?" काकू कडाडल्या. "अधिकाऱ्यानं दुकानदाराचीच बाजू घ्यावी, असं कायद्यात लिहून आहे का? दाखव मले! यायले मी काढत नाही, अन् दुकानही बंद होऊ देत नाही!"

त्या दिवसापासून तक्रार आली की लगेच बिनमिठाची नवी बरणी रवाना, सोबत मिठाची पुडी. पुडीवरही वजन, तारीख, हिरवा ठिपका. तक्रारी मिटल्या, वेबसाइटवाले गप्प झाले. विकायच्या चटणीतलं मीठ मात्र काकूंनी कणभर कमी केलं नाही. काकांनीही फोनवर गिऱ्हाइकाची बाजू सोडली नाही.

मागच्या हिवाळ्यात काका गेले. नियमच तो, काकूंना पानावरचं नाव बदलावं लागलं. आता तिथे माझं नाव आहे. फोन मी सतत जवळ ठेवतो, पण तक्रार कुणाचीच येत नाही.

परवा काकूंनी विकायच्या मालातली एक बरणी पाठवली. चटणी चाखली. मीठ अगदी काकांना हवं तेवढं होतं.