ट्रामवाल्याचा पाय

चौदा वर्षं मी मुंबईच्या रस्त्यांवरून गाडी चालवली आणि चौदा वर्षांत ती एकदाही वळवली नाही. ट्रामला वळवायचं चाकच नसतं. रूळ नेतील तिकडे ती जाते. ड्रायव्हरने पुढे उभं राहायचं, एका हाताने वेगाचा दांडा फिरवायचा, दुसऱ्या हाताने ब्रेकचा, आणि माणूस, म्हैस, हातगाडी, काहीही आडवं आलं की उजव्या पायाने खालची घंटा दाणदाण वाजवायची. तो पाय दिवसातून किती वेळा आपटत असेन याला सुमार नव्हता. लालबागच्या आमच्या चाळीत जिन्यावर कोणी आडवं आलं तरी माझा पाय आपोआप आपटायचा. मग वरून बायकोचा आवाज यायचा, "इली ट्राम!"

संयुक्त महाराष्ट्राची धामधूम चालू होती त्याच सुमारास आमच्या खात्याने ट्रामच्या लाइनी एकेक करून बंद करायला घेतल्या. डेपोत नोटीस लागली. सहा महिन्यांत स्वतःच्या खर्चाने मोटारीचं साधं लायसन आणा, मग बस चालवायला आम्ही शिकवू. नाही आणलंत तर डेपोत खलाशी. खलाशी म्हणजे दुसऱ्याने चालवलेली गाडी धुवायची. पगार कमी होणार होता, घरात चार पोरं होती, हे सगळं खरंच. पण मला पगारापेक्षा त्या बादलीचा राग आला. ज्या रस्त्यावर मी चौदा वर्षं छाती पुढे काढून उभा राहिलो, त्याच रस्त्यावरची धूळ आता मी फडक्याने पुसायची?

स्वतःच्या खर्चाने, हे लिहिणाऱ्याने कधी लायसन काढलेलं नसावं. डॉक्टरने छातीला नळी लावली, भिंतीवरची अक्षरं वाचून घेतली आणि त्याचे पैसे घेतले. फोटोवाल्याने खुंटीवरचा काळा कोट पुढे केला, सगळे हाच घालतात म्हणाला, कोटाचे चार आणे वेगळे. मी म्हटलं, माझ्या अंगावर खाकी आहे, ती काय चोरीची आहे? खाकीतच फोटो काढला. कचेरीबाहेर फॉर्म भरून देणारा बसला होता. फॉर्म इंग्रजीत, तो त्यानेच भरला, त्याबद्दल तक्रार नाही. पण शेवटी त्याने शाईची डबी पुढे सरकवली आणि म्हणाला, "अंगठा मारा, काम लवकर होतं." आम्ही रस्त्यावर मुंबई आमची म्हणून घसा फोडत होतो आणि कागदावर अंगठा द्यायचा? मी त्याच्याच टाकाने मराठीत माझं पूर्ण नाव लिहिलं, वडिलांच्या नावासकट. जागा पुरली नाही तर समासात गेलो.

मोटार शिकवायला भायखळ्याच्या भाजीबाजाराजवळ एक जण होता. त्याला सगळे उस्ताद म्हणत. त्याची मोटार काळी, म्हातारी, मागचं एक दार सुतळीने बांधलेलं. आमच्या डेपोतले निम्मे लोक त्याच्याकडेच जात होते. पहिल्याच दिवशी समोर एक हातगाडी आली आणि माझा उजवा पाय सवयीने दाणकन आपटला. मोटारीत त्या पायाखाली घंटा नसते. मोटार हातगाडीवर झेपावली. उस्तादने हातब्रेक ओढला म्हणून आमच्यापुढे फक्त कांदे सांडले.

"अरे, घंटी नहीं है वो!" तो ओरडला. "पेट्रोल है, पेट्रोल!"

माझ्या डोक्याला ते लगेच समजलं. पायाला समजेना. पहिल्या परीक्षेत भायखळ्याच्या बाजारासमोर एक भाजीवाली टोपली घेऊन रस्त्यात उतरली आणि पायाने पुन्हा तेच केलं. भाजीवाली उडी मारून वाचली, वर तिने माझ्या सात पिढ्यांची विचारपूस केली. शेजारी बसलेले परीक्षेचे साहेब किडकिडीत, चष्मेवाले, मोजकंच बोलणारे. त्यांनी एवढंच म्हटलं, "उतरा." फी गेली, मोटारीचं भाडं गेलं, दिवसाचा खाडा पडला.

घरी बायकोची खानावळ होती. गिरणीतले आठ जण आमच्याकडे जेवत. तिने माझं ऐकून घेतलं आणि दुसऱ्या दिवसापासून माझी शिकवणी सुरू केली. मला खोक्यावर बसवलं, हातात भाकरीची परात दिली, ते चाक. पायापुढे तीन पाट मांडले, ते मोटारीचे क्लच, ब्रेक आणि पेट्रोल. आणि उजव्या पाटावर तिने एक भाजलेला पापड ठेवला. पापडावर पाय टेकवायचा, पण तो मोडता कामा नये. मी परात डावी-उजवी फिरवत असायचो आणि ती चुलीपासून एकदम ओरडायची, "म्हातारी इली!" कडकन पापड मोडायचा. जेवणारे आठही जण हसायचे. जो पापड मोडला तो माझा, म्हणजे जेवताना मला चुरा. दोन आठवडे मी चुरा खाल्ला. शेजारची खोली, वरचा मजला, सगळे तमाशा बघायला दारात जमायचे. कोणीतरी मोर्चातल्यासारखी आरोळी द्यायचं, "लायसन!" आणि अख्खी चाळ उत्तर द्यायची, "झालंच पाहिजे!" मला राग यायचा आणि हसूही यायचं. एके दिवशी ती "म्हातारी इली" म्हणून तीनदा ओरडली आणि पापड अख्खा राहिला.

दुसऱ्या परीक्षेला पाय शहाण्यासारखा वागला. चाकही मी बरं फिरवलं. साहेब मान डोलवायला लागले होते. मग लालबागच्या बाजूला एके ठिकाणी मी रस्त्याच्या मधोमध मोटार हळू केली आणि थांबवली. साहेबांनी पुढे पाहिलं, मागे पाहिलं. रस्ता मोकळा होता.

"कोणासाठी थांबलात?" त्यांनी विचारलं.

तिथे ट्रामचा थांबा होता. मी भायखळ्यापासून मोटार रुळांवरूनच आणली होती आणि मला त्याचा पत्ताही नव्हता. थांब्यावरची एक बाई तर पिशवी उचलून पुढेही आली. "उतरा," साहेब म्हणाले.

दोन महिने उरले. तेव्हा उस्तादने मला बाजूला घेतलं. हिंदीत म्हणाला, साहेबांसाठी पंधरा रुपये दे, काम होऊन जाईल. नाही झालं तर पैसे परत. माझ्या बरोबरीच्या एका ट्रामवाल्याने ते दिले होते, तो नापास झाला, आणि त्याच संध्याकाळी उस्तादने त्याला पैसे परत आणून दिले. त्यामुळे डेपोत उस्तादचं नाव मोठं झालं होतं. माणूस इमानी आहे म्हणत. मी घरी येऊन म्हटलं, लाच खाण्यातही इमान शोधायची वेळ आली का आपल्यावर?

"सगळे देतत," बायको म्हणाली.

"सगळे देतत म्हणानच मागतत," मी म्हटलं.

ती म्हणाली, सुंभ जळला तरी पीळ जाणार नाही तुमचा. मी म्हटलं, नाही जाणार. पापड मोडायचा थांबला ते काय साहेबाचे हात ओले करून थांबला? मी चालवतो तेवढंच बघावं आणि मला पास नाहीतर नापास करावं, याहून जास्त मला काही नको होतं आणि याहून कमीही चालणार नव्हतं.

तिसऱ्यांदा मी पास झालो. मोटार रुळांपासून चार हात दूर ठेवली, भायखळ्याच्या पुलाच्या चढावर मध्येच थांबवून पुन्हा उचलली, इंचभर मागे घसरली नाही. चाळीत पेढे वाटले. पुढचे तीन दिवस खानावळीत येईल त्याला मी एकच गोष्ट सांगत होतो, की एक छदाम न देता मिळवलं. चौथ्या दिवशी दुपारी पहिल्या पाळीचे लोक जेवून गेले, मी खरकटी ताटं उचलायला हात लावला आणि बायको म्हणाली, "आता पुरे करा. पैशे दिलंय मी."

मला आधी समजलंच नाही. मग समजलं. खानावळीच्या पैशांतून पंधरा रुपये, परीक्षेच्या आदल्या दिवशी, उस्तादच्या हातात.

"माका न इचारता?" मी ओरडलो. शेजारच्या खोलीतलं बोलणं थांबलं. तिने ताटं घासायला घेतली.

मी तसाच भायखळ्याला गेलो. उस्ताद मोटारीखाली आडवा पडला होता, पायाला धरून त्याला बाहेर ओढला. साहेबांना पैसे दिलेस का, विचारलं. तो आधी हो म्हणाला. चल साहेबांसमोर, म्हटलं, तेव्हा त्याने कपाळावरचा घाम पुसला.

"साहब को? साहब से बात करने की हिम्मत किसमें है? पास हुआ तो मैं रख लेता, फेल हुआ तो वापस. तू अपने पैर से पास हुआ है, कसम से." आणि त्याने खिशातून पंधरा रुपये काढून माझ्या हातावर ठेवले.

ते घेऊन मी घरी जाऊ शकलो असतो. शहाणा माणूस गेला असता. पण इतकी वर्षं खोटं विकून पोट भरणाऱ्याच्या शपथेवर मी माझं लायसन कसं टेकवणार? उद्या बस हातात आली की प्रत्येक वळणावर मला वाटणार, हे वळण माझं की पंधरा रुपयांचं. मी उस्तादला मोटारीसकट कचेरीत घेऊन गेलो.

साहेब टेबलाशी होते, आजूबाजूला कारकून. मी लायसन त्यांच्यासमोर ठेवलं आणि विचारलं, "साहेब, माझ्या नावाने तुम्हाला पंधरा रुपये पोचलेत का?"

कचेरीत सगळ्यांचे हात थांबले. साहेबांचे कान लाल झाले. उस्ताद दारातच भिंतीला टेकला. मी झालं ते सगळं सांगितलं, बायकोचंही, आणि म्हटलं, पोचले नसतील तर माझी परीक्षा परत घ्या. पोचले असतील तरी परत घ्या.

"नापास झालात तर हे फाडीन," साहेब म्हणाले. "आणि तुमच्या खात्याला कळवीन."

तेव्हा माझ्या तोंडचं पाणी पळालं. सहा महिने संपायला नऊ दिवस होते. यानंतर आणखी संधी मिळणार नव्हती. पण बाण सुटला होता.

"फी भरा," साहेब म्हणाले. मी त्याच पंधरातून फी भरली, पावती घेतली.

साहेब शेजारी बसले, उस्ताद मागे, सुतळीचं दार धरून. साहेबांनी मुद्दाम लालबागचा रस्ता घ्यायला लावला. गिरण्यांची पाळी सुटली होती, रस्ता माणसांनी भरलेला, कोणी समोर बघून चालत नव्हतं. पुढे एक ट्राम थांबली. उतारू रस्त्याच्या मधोमध उतरत होते. मी तिच्या मागे थांबलो. ट्रामवर आमच्याच डेपोतला माणूस होता, त्याच्यापुढे कोणीतरी आडवं आलं आणि त्याने घंटा हाणली. दाण दाण दाण. चौदा वर्षं माझ्या पायात वाजलेली घंटा ती. माझा पाय जागचा हलला नाही. परीक्षेत मी जिंकत होतो आणि माझ्या डोळ्यांत पाणी आलं, कारण मला त्या क्षणी कळलं की आता मला पुन्हा ट्रामवर उभं केलं तर मी माणसं मारीन. त्या पायाला जे येत होतं ते मी मोडून टाकलं होतं. लायसनच्या खर्चात हे कुठल्याच नोटिशीवर लिहिलेलं नव्हतं.

कचेरीसमोर उतरताना साहेबांनी लायसन माझ्या हातात दिलं. "तुम्ही त्या दिवशीच पास झाला होतात. आज फी फुकट घालवलीत."

"फुकट नाही, साहेब," मी म्हटलं.

उस्तादला त्यांनी आत बोलावलं. त्याचं पुढे काय झालं ते मी बघायला थांबलो नाही. भायखळ्याहून लालबागपर्यंत चालत आलो, मान इतकी ताठ की दुखायला लागली. बायको दाराशी तांदूळ निवडत बसली होती. मी कुठे गेलो होतो हे तिला चाळीने आधीच सांगितलं होतं. मी उरलेले पैसे आणि पावती तिच्या सुपाशेजारी ठेवली.

"आता कळला?" मी म्हटलं. "माझ्या पायान पास झालंय मी. तुका माझो भरवसो नव्हतो, म्हणान पैशे दिलंस."

तिने सूप खाली ठेवलं. आवाज चढवला नाही.

"तुमच्यावर भरवसो होतो माझो," ती म्हणाली. "त्या सायबावर नाय होतो. म्हणान दिलंय. माका न इचारता म्हणान माझ्यावर वराडलात. आज ता लायसन सायबाच्या टेबलार ठेवलात, तेच्याबरोबर ह्या चार पोरांचो घास पण ठेवलात. माका इचारलात?"

मी विचारलं नव्हतं.