हौसाने घोटलेली भिंत

दिवे गेले तेव्हा माझा हात भिंतीवर होता.

गेले म्हणजे घालवले. टूरवाल्या साळवे सरांनी आधीच बजावलं होतं, "आता थोडा वेळ लाइट बंद करणार आहे. वरून विमानं जायची तेव्हा खाली माणसं कशी बसायची, ते कळावं म्हणून. घाबरायचं नाही. मोबाईल काढायचा नाही." मग खटका वाजला. समोरचा माणूस गेला. छत गेलं. माझे पाय पण गेले. डोळे उघडे आहेत का मिटलेत, ते सुद्धा कळेना.

ही जागा नगरच्या कॅम्पात एका जुन्या दवाखान्याच्या आवारात आहे, जमिनीच्या खाली. शेल्टर म्हणतात. बॉम्ब पडायला लागले तर लपायची जागा. दुसऱ्या महायुद्धात इंग्रजांनी बांधलं. एकच लांबट खोली, डोक्यावर दगडी कमान, एका टोकाला उतरायचा जिना आणि दुसऱ्या टोकाला नुसती भिंत. त्या वेळी निसटायला वर एक भोक होतं, लोखंडी शिडीचं. आता त्याच्यावर पंपरूम बसलीय. मधे पुष्कळ वर्षं तिथे मोडक्या खाटा पडून होत्या. आता एका ट्रस्टने साफ करून टूर चालू केलीय. साळवे सर शाळेतून रिटायर झालेले, ते गाईड.

मी गवंडी. काम सोडलंय. म्हणजे गुडघ्यांनी सोडायला लावलंय. पण ट्रस्टच्या इंजिनियर शेख मॅडमनी निरोप धाडला, की शेल्टरच्या चुन्याच्या भिंतीत दार पाडायचं आहे, चुन्यात काम केलेला मिस्त्री पाहिजे. "आधी लोकांबरोबर टूरला जाऊन जागा बघा काका, मग बोलू," म्हणाल्या. म्हणून मी त्या घोळक्यात उभा होतो.

एकाहत्तरच्या लढाईत मी इथे काम केलं होतं. त्या वेळी नगरमध्ये घरोघरी काचांना काळा कागद लावला होता. हे शेल्टर परत वापरायचं ठरलं, पण भिंती पाझरत होत्या. सिमेंटला परमिट लागायचं, ते वेळेत मिळेना. म्हणून चुना. आमचं लग्न नवं होतं. हौसा माझ्याबरोबर पाट्या वाहायला आली आणि घोटाईला बसली.

घोटाई काय ते सांगतो. चुन्याचं प्लास्टर झालं की त्याच्यावर गाळलेल्या चुन्याचा पातळ थर देतात. तो अर्धा ओला, अर्धा सुका असताना नदीतल्या गुळगुळीत गोट्याने घासत राहायचं. लवकर घासलं तर थर फाटतो. उशीर झाला तर चकाकी येत नाही. मधली वेळ हाताला कळावी लागते. हौसाला कळायची. मला जेमतेम. ती कोल्हारची, प्रवरेच्या काठची. गोटा माहेराहून घेऊन आली होती. पुढे आम्ही कोणाच्या लग्नाला गेलो तरी ही बाई नवरानवरीच्या आधी कार्यालयाची भिंत बघायची. उलटा हात फिरवायची आणि माझ्याकडे बघून मान हलवायची.

गेल्या दिवाळीच्या आधी ती गेली.

तर त्या अंधारात माझ्या तळव्याला भिंत लागली. थंड, गुळगुळीत, माठाच्या पोटासारखी. डाव्या हाताला खरबरीत, उजव्या हाताला गुळगुळीत. डावी बाजू माझी. उजवी तिची. आम्ही शेवटची भिंत अशीच वाटून घेतली होती. कोणीतरी चप्पल घासत होतं, का कुठे पाणी ठिबकत होतं, मला माहीत नाही. मला गोट्याचा आवाज येत होता. सावकाश, एकसारखा. मी कंदील धरून उभा आहे आणि ती खालपासून वर घासत आणतेय, असं अगदी वाटलं. चुन्याचा वास पण आला.

"दमली का गं?" मी म्हणालो. मनात म्हणालो असं मला वाटलं.

शेजारच्या अंधारातून एक बाई बोलल्या, "न्हाई ओ बाबा. आत्ता तर आले."

सगळे हसले. लाइट लागला. साळवे सर माझ्याकडे बघत होते.

"आजोबा, भिंतीला हात लावायचा नाही. घामाने डाग पडतात."

"चुना मीच लावलाय ओ."

"लावला असेल. आता हात लावायचा नाही."

वर आलो. शेख मॅडम झाडाखाली ड्रॉइंग घेऊन बसल्या होत्या. कामाची बाई. गोड बोलत नाही, खोटंही बोलत नाही. त्यांनी बोट ठेवलं. दार त्या शेवटच्या भिंतीत, उजव्या बाजूला. भिंतीमागे जमीन नाल्याकडे उतरते. चार पायऱ्या केल्या की माणूस उजेडात.

"तिथं मी हात घालनार न्हाई," मी म्हणालो.

"का?"

"मंडळीनं घोटलीय ती."

त्यांना पटकन कळलं नाही. मग कळलं. ड्रॉइंगची घडी घालत म्हणाल्या, "काका, खाली एका वेळी किती माणसं असतात बघितलं ना? जिना एकच. वर काही पेटलं, कोणी जिन्यात पडलं, तर? फायरवाले म्हणतात दुसरा एक्झिट करा, नाहीतर टूर बंद. चूक आहे का त्यांचं?"

"चूक न्हाई."

"मग?"

"वरचं जुनं शिडीचं भोक उघडा."

"त्याच्यावर पंपरूम आहे."

"बाजूच्या भिंतीत?"

"एकीकडे रस्ता, दुसरीकडे पाण्याची टाकी. तुम्हीच सांगा."

"दुसरा मिस्त्री बघा," म्हणालो आणि घरी आलो.

घरी येऊन बरं वाटलं नाही. पुढच्या रविवारी परत गेलो. त्याच्या पुढच्याही. मॅडमचं काम अडलेलं, टूर तेवढी चालू. साळवे सर माझ्याकडे तिकीट मागायचे बंद झाले. नुसतं म्हणायचे, "या, हात खिशात." मी घोळक्याच्या मागे राहायचो, भिंतीला पाठ लावून. हात नाही ना लावला. सरांची गोष्ट पाठ झाली होती. ती संपली की खटका वाजायचा. मग मी असायचो आणि तो आवाज असायचा. त्या अंधारात वरचं नगर नव्हतं. दवाखाना नव्हता, दिवाळी नव्हती. बाहेर निघालो की ऊन डोळ्यांना खरं वाटायचं नाही. रिक्षात बसून मला घराचा पत्ता आठवावा लागायचा. शेजारचे म्हणाले, म्हातारा देवळात जायला लागला. म्हणू दिलं.

मॅडमना दुसरे मिस्त्री मिळत होते. पण ज्याला बघावं त्याच्याकडे ब्रेकर. ब्रेकर म्हणजे करंटवर चालणारी हातोडी, ठकठक करून फोडणारी. ती लावली तर दाराची जागा फुटेलच, पण हादऱ्याने उरलेली भिंतही सोलून खाली येईल. मॅडमना ते कळत होतं, म्हणून त्या थांबल्या होत्या. मला कळत होतं, म्हणून मीही गप्प होतो. थांबून थांबून टूर बंद पडेल आणि भिंत राहील, असा माझा हिशेब. खोटं कशाला सांगू.

मग श्रीरामपूरहून बायकांचा एक बचत गट आला. खोली भरली. खटका वाजला. थोड्या वेळाने माझ्याजवळ कोणीतरी जोरात श्वास ओढायला लागलं. फुटक्या भात्यासारखा. "लाइट लावा," मी ओरडलो. साळवे सरांनी लगेच लावला. एक म्हातारी छाती धरून उभी होती. तोंड पांढरं पडलं होतं.

"मला भाईर न्या," ती म्हणाली. "भाईर न्या मला."

आम्ही या टोकाला, जिना त्या टोकाला. मधे सगळ्या बाया घाबरलेल्या, सगळ्यांना आधी जायचंय. जिन्यात पुढची टूर उतरायला लागलेली. साळवे सर "मागे व्हा, मागे व्हा" म्हणत होते, पण मागे व्हायला जागा कुठे होती? म्हातारी भिंतीला टेकली. हौसाच्या बाजूला. मी तिचा दंड धरला. हात गार होता आणि घामाने निसटत होता.

"बाई, हळू घ्या. बसा खाली."

"बसले तर उठायची न्हाई मी."

हौसाला पण शेवटी दमच लागला होता. खिडकी उघड, खिडकी उघड म्हणायची. खिडकी उघडीच होती.

त्या म्हातारीच्या पाठीला भिंत होती आणि भिंतीच्या पलीकडे हातभरावर मोकळी हवा. तिथे दार असतं तर तिला चार पायऱ्या चढवायच्या होत्या. नव्हतं. कारण मी आडवा बसलो होतो.

शेवटी वाट झाली. तिला वर नेलं, पाणी पाजलं. झाडाखाली बसल्यावर तिला रंग आला. मैत्रिणीला म्हणाली, "पैसे देऊन कोन मरायला येतं गं इथं?" सगळ्या हसल्या. मला हसू आलं नाही. मी मॅडमना फोन लावला.

"उद्या मानसं लावा. ब्रेकर न्हाई. छिन्नी-हातोडी. प्लास्टर मी काढनार, दगड पोरं काढतील."

"वेळ लागेल काका."

"लागू द्या. आनि दार जरा डावीकडं घेता का? ती बाजू मी घोटलेली हाय. लई वाईट घोटलीय."

मॅडम हसल्या नाहीत. दुसऱ्या दिवशी मला बाहेरच्या बाजूला घेऊन गेल्या. डावीकडे जमिनीत काळा खडक होता, म्हशीच्या पाठीएवढा. पायऱ्या तिथे बसत नव्हत्या. मीही टेप लावून बघितली. नाही बसत. उजवीकडेच.

छिन्नी धरली. आधी दाराच्या रेघेवर बारीक खाच मारून घेतली, म्हणजे तडा पुढे पळत नाही. एक तुकडा सलग निघाला तर घरी न्यायचा, असं मनात होतं. मॅडमनीही न्या म्हणून सांगितलं होतं. निघाला नाही. चुना दगडाला असा बसला होता की चणे-फुटाण्याएवढे तुकडे उडायचे. एक बाजू चमकणारी, एक बाजू खडबडीत. काम चांगलं झालं असेल तर ते सुटं निघत नाही. मी तुकडे गोळा करत बसलो नाही. पोरांनी पाटीत भरून नेले.

मग दगड. एक दगड सुटला आणि मुठीएवढं भोक पडलं. त्यातून उजेड आत आला. सगळी खोली चुन्याच्या धुरळ्याने भरलेली. तो धुरळा खाली बसेना, वर जाईना, पिठासारखा नुसता तरंगत राहिला. पोरांनी हातोड्या ठेवल्या. मी भोकाला डोळा लावला. पलीकडून एक शेळी आत बघत होती.

दार झालं. उरलेल्या भिंतीला एक तडा नाही. चौकटीच्या कडांना मी नवा चुना लावला आणि स्वतः घोटला. वेळ चुकली. कडा निस्तेज आहेत. कोणी उलटा हात फिरवला तर लगेच कळेल.

आता टूर जिन्याने उतरते आणि त्या दाराने बाहेर पडते. साळवे सरांनी मला विचारलं, "मिस्त्री, तुमच्या मिसेसचं नाव घेऊ का सांगताना?"

"घ्या. पन दार तिनं पाडलं म्हनू नका."

ते नाव घेतात. लोक भिंतीकडे बघतात, पुढे जातात. सर अजून लाइट घालवतात, पण दाराच्या फटीतून उजेड येतो. माणसांचे चेहरे दिसतात. सर माझ्यावर चिडतात, "तुम्ही माझा अंधार बिघडवला." खरंय. तो मिट्ट अंधार राहिला नाही. मी आता दर रविवारी जात नाही.

यातून काय शिकलो विचाराल, तर गवंड्याचंच सांगतो. जमिनीखाली खोली बांधायची असेल तर दुसरं दार बांधतानाच ठेवा. मागून पाडायला गेलं की कोणाची तरी घोटाई जाते.